घेराव आणि कायदा : कोलकाता, १९६७

घेराव हा शब्द मराठीला परका नाही. पण कारखान्याच्या व्यवस्थापकाला त्याच्याच खोलीत कोंडून मागण्या मान्य करून घेणे या अर्थाने तो देशभर पोचला तो १९६७ साली, पश्चिम बंगालमधून. पुढे तो इंग्रजी शब्दकोशांतही गेला. त्या वर्षी मार्चपासून ऑगस्टपर्यंतच्या सहा महिन्यांत त्या एका राज्यात हजाराहून अधिक घेराव झाले. कारखान्यात संप झाला, निदर्शने झाली, फाटकासमोर घोषणा झाल्या, तर मालकाने ते सोसायचे, हे तोवर भारतीय कायद्याने मान्य केलेले होते. माणसे कोंडली गेली, माल अडवला गेला आणि पोलीस आलेच नाहीत, तर मालकाने दाद कुठे मागायची, हा प्रश्न मात्र त्या वर्षी प्रथमच इतक्या उघडपणे उभा राहिला. कोलकाता उच्च न्यायालयाने २९ सप्टेंबर १९६७ रोजी त्याचे उत्तर दिले. त्या उत्तराची मुळे मागच्या अर्धशतकात आहेत.

सुरुवात मद्रासपासून करावी लागते. बकिंगहॅम आणि कर्नाटिक या तिथल्या दोन मोठ्या कापड गिरण्या बिन्नी या इंग्रज कंपनीकडे होत्या. एप्रिल १९१८मध्ये या गिरण्यांच्या कामगारांची मद्रास लेबर युनियन स्थापन झाली आणि मुंबईत जन्मलेले पारशी कार्यकर्ते बी. पी. वाडिया तिचे अध्यक्ष झाले. १९२०च्या अखेरीस गिरण्यांत टाळेबंदी झाली, तंटा चिघळला आणि कंपनीने वाडिया व त्यांच्या सहकाऱ्यांविरुद्ध मद्रास उच्च न्यायालयात दावा लावला. कामगारांनी कंपनीशी केलेला नोकरीचा करार मोडावा म्हणून हे लोक त्यांना फूस लावतात, त्यातून कंपनीचे नुकसान होते, असे तिचे म्हणणे होते. न्यायालयाने मनाई हुकूम दिला. इंग्लंडच्या जुन्या कायद्यात ही मांडणी बरोबर होती, आणि कामगार संघटनांसाठी वेगळा कायदा भारतात नव्हताच. संप करा असे सांगणे म्हणजे करार मोडायला सांगणे, आणि तसे सांगणारा नुकसानभरपाईला जबाबदार. हा न्याय लागू झाला असता, तर या देशात एकही कामगार पुढारी घरदार विकल्याशिवाय संप पुकारू शकला नसता. अखेर वाडियांनी युनियन सोडायची आणि कंपनीने दावा मागे घ्यायचा, अशी तडजोड झाली.

इंग्लंडने हाच अनुभव वीस वर्षे आधी घेतला होता. वेल्समधल्या टॅफ व्हेल रेल्वेवर ऑगस्ट १९०० मध्ये संप झाला. कंपनीने थेट रेल्वे कामगारांच्या संघटनेवरच दावा लावला आणि १९०१ साली हाउस ऑफ लॉर्ड्सने संघटनेचा निधी भरपाईस पात्र ठरवला. तेवीस हजार पौंड भरपाई आणि वर खर्च, एवढा बोजा संघटनेवर पडला. त्यावर मजुरांत जो संताप उसळला त्यातून १९०६ चा ट्रेड डिस्प्यूट्स अ‍ॅक्ट आला. त्याने संघटनांना अशा दाव्यांपासून अभय दिले आणि शांततेने केलेले पिकेटिंगही कायदेशीर ठरवले. मात्र १८७५च्या इंग्लिश कायद्यातला एक गुन्हा कायम राहिला. एखाद्याच्या घरावर किंवा कामाच्या जागेवर पाळत ठेवून ती घेरणे, असा तो गुन्हा. शांतपणे उभे राहून समजावणे त्यातून वगळले गेले. बळाने किंवा धाकाने घेरणे वगळले गेले नाही.

मद्रासच्या खटल्याची झळ दिल्लीपर्यंत पोचवली ती नारायण मल्हार जोशी यांनी. मुंबईत सोशल सर्व्हिस लीगच्या कामातून पुढे आलेल्या जोशींनी मार्च १९२१मध्ये मध्यवर्ती कायदेमंडळात ठराव मांडला, की कामगार संघटनांची नोंदणी व्हावी आणि त्यांना कायद्याचे संरक्षण मिळावे. पाच वर्षांनी, १९२६ साली, भारतीय ट्रेड युनियन अ‍ॅक्ट मंजूर झाला आणि १ जून १९२७ पासून लागू झाला. कामगार चळवळीच्या हातात तोवर आलेले हे सर्वांत मोलाचे साधन होते, आणि ते मिळवून देण्यात एका मराठी माणसाचा मोठा वाटा होता.

या कायद्याची दोन कलमे पुढच्या सगळ्या वादाचा पाया ठरली. सतराव्या कलमाने नोंदणीकृत संघटनेच्या पदाधिकाऱ्यांना आणि सभासदांना फौजदारी कटाच्या आरोपातून मोकळे केले. पण त्यांच्यातला ठराव एखादा गुन्हा करण्याचा असेल, तर हे अभय लागू नाही, असेही त्याच कलमात लिहिले. अठराव्या कलमाने दिवाणी दाव्यापासून संरक्षण दिले. औद्योगिक तंट्याच्या ओघात केलेल्या कृत्याबद्दल, ते कृत्य केवळ कोणाला नोकरीचा करार मोडायला प्रवृत्त करते किंवा केवळ दुसऱ्याच्या धंद्यात व्यत्यय आणते, एवढ्याच कारणासाठी दावा चालणार नाही, असे ते कलम सांगत होते. यातला ‘केवळ’ हा शब्द फार महत्त्वाचा आहे. संपाने माल तयार झाला नाही, गिऱ्हाईक तुटले, नफा बुडाला, तर मालकाने हे नुकसान पचवायचे. पण त्याच ओघात फाटक तोडले, ट्रक अडवला, माणूस कोंडला, तर तक्रार केवळ व्यत्ययाची राहत नाही. तिथे मालमत्तेचा, शरीराचा आणि ये-जा करण्याचा हक्क मोडलेला असतो आणि त्या हक्कांना ट्रेड युनियन अ‍ॅक्टने हात लावलेला नव्हता. इंग्लंडच्या १९०६ च्या कायद्यात पिकेटिंगला मान्यता देणारे वेगळे कलम होते, तसे कलम भारताच्या कायद्यात घातले गेले नाही, हेही ध्यानात ठेवावे लागते.

स्वातंत्र्याच्या वर्षी आलेल्या औद्योगिक विवाद अधिनियमाने सलोखा, न्यायाधिकरण, नोटीस अशी यंत्रणा उभी केली. या यंत्रणेला बगल देऊन केलेला संप बेकायदा ठरे, पण त्यात भाग घेणाऱ्या कामगाराला शिक्षा होती ती फार तर एक महिना कैद किंवा पन्नास रुपये दंड. बेकायदा संपाने झालेले नुकसान मालकाला कामगारांकडून वसूल करता येते का, हा प्रश्न बिहारमधल्या रोहतास इंडस्ट्रीजच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि सत्तरच्या दशकाच्या मध्यात त्याचे उत्तर नकारार्थी आले. कायद्याने बेकायदा संपासाठी जी शिक्षा सांगितली तेवढीच, भरपाई नाही. दुसऱ्या बाजूला, संघटना करण्याच्या मूलभूत हक्कात संपाचा हक्क आपोआप येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने बँक कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात आधीच म्हटले होते. एकूण चित्र असे, की संपाविरुद्ध मालकाला कायद्याचा आधार तुटपुंजा होता आणि तो तसाच असणे योग्य होते. अडवणुकीविरुद्ध मात्र देशाचा सर्वसाधारण फौजदारी कायदा त्याच्या पाठीशी होता. कोलकात्यात या दुसऱ्या आधाराचीच कसोटी लागली.

१९६५ आणि १९६६ ही दुष्काळाची वर्षे होती. सरकारी खर्चाला कात्री लागली, रेल्वेने मालडब्यांच्या मागण्या कमी केल्या आणि कोलकाता-हावडा पट्ट्यातल्या इंजिनिअरिंग कारखान्यांचे काम आटले. ले-ऑफ आणि कामगारकपात सुरू झाली. तांदळाचे भाव चढे होते. फेब्रुवारी १९६७च्या निवडणुकीत काँग्रेस हरली आणि २ मार्च रोजी संयुक्त आघाडीचे मंत्रिमंडळ सत्तेवर आले. मुख्यमंत्री बांगला काँग्रेसचे अजय मुखर्जी, उपमुख्यमंत्री ज्योती बसू, आणि मजूरमंत्री सोशालिस्ट युनिटी सेंटर या पक्षाचे सुबोध बॅनर्जी. न्याय्य कामगार लढ्यात पोलिसांनी पडू नये, हे या सरकारचे जाहीर धोरण होते. इंग्रजी अमलापासून पोलिसांच्या लाठीचा अनुभव घेतलेल्या कामगारांना ते मोठे आश्वासन वाटले, यात नवल नव्हते.

२७ मार्च १९६७ रोजी राज्य सरकारने पोलीस अधिकाऱ्यांना एक परिपत्रक पाठवले. कारखान्यात घेराव होऊन व्यवस्थापक किंवा इतर कर्मचारी अडकून पडले, तर ती बाब ताबडतोब मजूरमंत्र्यांकडे न्यावी आणि सुटकेसाठी पोलिसांनी मध्ये पडायचे की नाही, याचा निर्णय त्यांचे आदेश मिळवून मगच घ्यावा, असा त्याचा आशय होता. १२ जूनला दुसरे परिपत्रक निघाले. त्याची भाषा सौम्य होती. न्याय्य कामगार चळवळीत पोलिसांनी हस्तक्षेप करू नये, आणि बेकायदा कृत्याची तक्रार आली तर तिच्यात तथ्य आहे का याची आधी काळजीपूर्वक चौकशी करावी, मग कारवाईकडे वळावे, असे त्यात म्हटले होते. वाचायला यात वावगे काही नाही. पण माणूस खोलीत कोंडलेला असताना चौकशी आधी आणि सुटका मागाहून, याचा अर्थ काय होतो, हे त्या खोलीत असणाऱ्यालाच कळे.

घेरावाचा प्रकार साधारणपणे ठरलेला असे. मागण्यांचे पत्रक घेऊन कामगारांचा जमाव व्यवस्थापकाच्या दालनात शिरे. खुर्चीभोवती, दारात, जिन्यावर, व्हरांड्यात माणसे बसत. टेलिफोनपर्यंत हात पोचू दिला जात नसे. दिवे आणि पंखे बंद केले जात, आणि बंगालच्या एप्रिल-मेमध्ये बंद पंख्याखाली एका लहान खोलीत तासन् तास बसणे ही शिक्षाच होती. पाणी, जेवण, औषध बाहेरून येऊ देणे न देणे जमावाच्या मर्जीवर असे. काही ठिकाणी लघवीला जाण्याची परवानगीही नाकारली गेली, शिवीगाळ आणि मारहाण झाली, हे पुढे न्यायालयाने आपल्या निकालात नोंदवले. बाहेर नातेवाईक किंवा कंपनीचा माणूस ठाण्यात जाई, ठाण्यातला अंमलदार परिपत्रक दाखवी, निरोप वर जाई आणि उत्तराची वाट पाहत रात्र सरे. अखेर आतला माणूस कागदावर सही करी आणि दार उघडे.

या सहीला करार म्हणायचे का? कामगार चळवळीच्या बाजूने विचार करणाऱ्यालाही हा प्रश्न टाळता येत नाही. संपात कामगार स्वतःची मजुरी पणाला लावतो. त्याच्या घरची चूल थंड होते आणि म्हणूनच संपाला नैतिक वजन असते. घेरावात पणाला लागतो तो दुसऱ्याचा देह. शिवाय कोंडला जाणारा बहुधा मालक नसेच. तो पगारी व्यवस्थापक, अभियंता किंवा पर्यवेक्षक असे, आणि मागणी मान्य करण्याचा अधिकार कित्येकदा त्याच्याकडे नसेही. तरीही घेराव एवढा का पसरला, याचे कारण कामगारांच्या उर्मटपणात शोधणे अन्यायाचे होईल. सलोखा अधिकाऱ्याकडे महिने जात, न्यायाधिकरणाकडे वर्षे जात, आणि एवढ्या अवधीत कपात झालेल्या माणसाचे बिऱ्हाड मोडून जाई. जे न्यायाधिकरणात पाच वर्षांनी मिळेल की नाही याची शाश्वती नव्हती, ते एका दुपारीत मिळू लागले. हा मोह मोठा होता.

उषा शिलाई यंत्रे आणि पंखे बनवणारी जय इंजिनिअरिंग वर्क्स ही कंपनी आणि तिच्यासारख्याच इतर कंपन्या राज्यघटनेच्या २२६व्या अनुच्छेदाखाली उच्च न्यायालयात गेल्या. त्यांनी कामगारांकडून भरपाई मागितली नाही. दोन्ही परिपत्रके रद्द करावीत आणि पोलिसांना त्यांचे काम करायला सांगावे, एवढेच मागणे होते. मुख्य न्यायमूर्ती दीप नारायण सिन्हा यांच्या नेतृत्वाखालील विशेष पीठापुढे सुनावणी झाली.

कायद्याच्या पुस्तकात घेराव हा शब्दच नव्हता, त्यामुळे न्यायालयाला आधी त्याचा अर्थ ठरवावा लागला. एखाद्या जागेला किंवा माणसाला वेढा घालून अथवा ती जागा बळाने व्यापून केलेली कोंडी, असा अर्थ मुख्य न्यायमूर्तींनी लावला. ही कोंडी पूर्ण असेल किंवा अर्धवट, पण तिच्यात माणसाला बेकायदा अडवणे किंवा डांबणे जवळजवळ नेहमीच येते. कधी त्याच्या जोडीला मारहाण, आगळीक, नासधूस, बेकायदा जमाव असे गुन्हेही येतात. आणि हेतू असा, की कायद्याने ठरवून दिलेली तंटे सोडवण्याची वाट सोडून धाकाने मागणी पदरात पाडायची.

अर्थ एकदा असा लागल्यावर बाकीचे तर्क सरळ होते. भारतीय दंड संहितेच्या ३३९व्या कलमाप्रमाणे एखाद्याला जिकडे जाण्याचा हक्क आहे तिकडे जाण्यापासून अडवणे हा गुन्हा होता. ३४०व्या कलमाप्रमाणे त्याला ठरावीक हद्दीच्या बाहेर जाऊ न देणे हा त्याहून गंभीर गुन्हा होता. पहिल्याला एक महिन्यापर्यंत साधी कैद, दुसऱ्याला एक वर्षापर्यंत कैद. दोन्ही गुन्हे दखलपात्र, म्हणजे पोलिसांनी कोणाच्या हुकमाची वाट न पाहता हात घालावा असे. या कलमांत अडवणारा कामगार आहे की सावकार, कारण मजुरीचे आहे की वैराचे, याला जागा नव्हती. ट्रेड युनियन अ‍ॅक्टचे सतरावे कलम कटाच्या आरोपापुरते अभय देत होते, आणि गुन्हा करण्याच्या ठरावाला तेही देत नव्हते. अठरावे कलम केवळ धंद्यातल्या व्यत्ययाबद्दल बोलत होते. तेव्हा ज्या घेरावात माणूस अडवला किंवा डांबला जातो, त्याला या दोन्ही कलमांचा आडोसा मिळत नाही, असे पीठाने ठरवले.

निकालाचा खरा कणा मात्र परिपत्रकांविषयीच्या भागात आहे. दखलपात्र गुन्हा घडत असताना तो थांबवणे हे पोलिसांचे कर्तव्य विधिमंडळाने केलेल्या कायद्याने त्यांच्यावर टाकलेले आहे. बेकायदा डांबलेल्या माणसाचा शोध घेऊन त्याला सोडवण्यासाठी दंडाधिकाऱ्याने वॉरंट काढण्याची तरतूद फौजदारी प्रक्रिया संहितेत होती. १८६१च्या पोलीस कायद्याप्रमाणे पोलिसाने वरिष्ठांचे हुकूम पाळायचे असतात, पण ते कायदेशीर हुकूम. गुन्हा चालू असताना मंत्र्याची परवानगी येईपर्यंत थांबा, असा हुकूम कायद्याने दिलेल्या कर्तव्याला आडवा येतो. तसा हुकूम देण्याचा अधिकार सरकारला नाही. दोन्ही परिपत्रके न्यायालयाने रद्दबातल ठरवली.

मालकांच्या संघटनांनी हा आपला विजय मानला आणि डाव्या पक्षांनी आपला पराभव. निकाल नीट वाचला तर दोघांचेही म्हणणे अपुरे वाटते. न्यायालयाने उद्योगांना नवा हक्क दिला नाही. रस्त्यावरच्या कुणाही माणसाला जे संरक्षण आहे, ते कारखान्याच्या दालनात बसलेल्या माणसाकडून काढून घेता येत नाही, एवढेच सांगितले. संप करण्याला, फाटकाबाहेर सभा घेण्याला, शांतपणे निदर्शने करण्याला त्या निकालाने बाध आणला नाही. वाडियांच्या वेळी न्यायालयाने संघटना आणि अडवणूक एकाच मापाने मोजली होती. सत्तेचाळीस वर्षांनी कोलकात्याच्या न्यायालयाने त्या दोन गोष्टी वेगळ्या करून दाखवल्या. म्हणून हा निकाल कामगार चळवळीच्या इतिहासातही मानाने नोंदवायला हवा.

निकालाने घेराव लगेच थांबले नाहीत. नोव्हेंबर १९६७मध्ये राज्यपाल धर्मवीर यांनी मंत्रिमंडळ बरखास्त केले. फेब्रुवारी १९६९च्या मध्यावधी निवडणुकीत संयुक्त आघाडी अधिक बळ घेऊन परत आली, गृहखाते ज्योती बसूंकडे गेले आणि कारखान्यांत, कचेऱ्यांत, विद्यापीठांत पुन्हा घेराव सुरू झाले. गाडी इतकी उतरणीला लागली, की त्याच वर्षी डिसेंबरमध्ये मुख्यमंत्री अजय मुखर्जी राज्यातल्या बेबंदशाहीच्या निषेधार्थ कोलकात्याच्या कर्झन पार्कात उपोषणाला बसले. आपल्याच सरकारविरुद्ध सत्याग्रह करणारा हा मुख्यमंत्री मार्च १९७०मध्ये राजीनामा देऊन मोकळा झाला. न्यायालय परिपत्रक रद्द करू शकते. पोलीस ठाण्यातला माणूस उठून फाटकापर्यंत जाईल, याची हमी शेवटी राज्य चालवणाऱ्यांनीच द्यायची असते, हे त्या तीन वर्षांनी दाखवले.

बंगालमध्ये हे चालू असताना देशपातळीवर राष्ट्रीय श्रम आयोगाचे काम सुरू होते. डिसेंबर १९६६मध्ये नेमलेल्या या आयोगाचे अध्यक्ष सातारचे प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर. मुंबई उच्च न्यायालयात आणि पुढे सर्वोच्च न्यायालयात कामगार कायद्याला त्यांनी जे वळण दिले, त्यामुळे त्यांच्याकडे कोणी मालकधार्जिणे म्हणून बोट दाखवू शकत नव्हते. ऑगस्ट १९६९मध्ये दिलेल्या अहवालात आयोगाने घेरावाला औद्योगिक लढ्याचा मार्ग मानायला नकार दिला. त्यात आर्थिक दबावापेक्षा शारीरिक जुलूम असतो आणि अंती तो कामगारवर्गाच्याच हिताला मारक ठरतो, असे आयोगाचे मत होते. पण अहवाल तेवढ्यावर थांबला नाही. तंटे वर्षानुवर्षे रेंगाळतात हे दुखणे ओळखून, सरकारच्या मर्जीवर अवलंबून नसलेले स्वतंत्र औद्योगिक संबंध आयोग केंद्रात आणि राज्यांत नेमावेत, अशी शिफारस त्याने केली. ती अमलात आली नाही. गजेंद्रगडकरांच्या अहवालातला निषेध सर्वांनी उचलला आणि उपाय कपाटात राहिला, हे या सगळ्या कहाणीतले मोठे नुकसान आहे.

महाराष्ट्राने वेगळी वाट धरली. या राज्याला कामगार कायद्यांची जुनी परंपरा होती आणि त्यांच्याविरुद्धच्या झगड्याचीही. १९३८ साली मुंबई सरकारने संपावर कडक बंधने घालणारे औद्योगिक विवाद विधेयक आणले, तेव्हा डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी विधानसभेत त्याला कडाडून विरोध केला. संप हा माणसाच्या स्वातंत्र्याचाच भाग आहे, अशी त्यांची भूमिका होती. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्टांनी मिळून एक दिवसाचा संप घडवला. राज्याचा कायदा करताना ही स्मृती पुसून चालणार नव्हते.

१४ फेब्रुवारी १९६८ रोजी, म्हणजे कोलकात्याच्या निकालानंतर पाच महिन्यांच्या आत, महाराष्ट्र शासनाने अनुचित कामगार प्रथांविषयी एक समिती नेमली. मालकांनी काय करू नये आणि संघटनांनी काय करू नये, हे तिने ठरवायचे होते. तिच्या अहवालावरून १९७१ साली महाराष्ट्र कामगार संघांना मान्यता देण्याबाबत व अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करण्याबाबतचा अधिनियम मंजूर झाला आणि ८ सप्टेंबर १९७५ पासून अमलात आला. कामगार कचेऱ्यांत आणि कोर्टाच्या आवारात त्याला त्याच्या इंग्रजी आद्याक्षरांनीच ओळखतात.

या कायद्याची रचना विचारपूर्वक केलेली आहे. दुसऱ्या आणि चौथ्या अनुसूचीत मालकांच्या अनुचित प्रथा आहेत. संघटना फोडणे, सूडबुद्धीने काढून टाकणे, माणसाला वर्षानुवर्षे बदली किंवा हंगामी ठेवून कायमपणाचे हक्क नाकारणे, अशी ती यादी आहे. तिसरी अनुसूची संघटनांसाठी आहे. संपात सामील न झालेल्या कामगारांना आत जाताच येऊ नये अशा रीतीने पिकेटिंग करणे, त्यांना किंवा व्यवस्थापनातल्या लोकांना धमकावणे, मुद्दाम काम संथ करणे, कामाची वेळ संपल्यावर आवारात ठाण मांडणे, व्यवस्थापनातल्या कोणाला घेराव घालणे, आणि मालकाच्या किंवा अधिकाऱ्याच्या राहत्या घरासमोर निदर्शने करणे, या गोष्टी तिने अनुचित ठरवल्या. बंगालमध्ये ज्या शब्दाचा अर्थ न्यायाधीशांना लावावा लागला, तो महाराष्ट्राच्या विधिमंडळाने सरळ कायद्यात लिहिला. पिकेटिंगवर मात्र सरसकट बंदी घातली नाही. माणसाचा रस्ता बळाने अडेल तेवढेच मना केले.

दाद मागण्याची वाटही बदलली. ठाण्यातल्या अंमलदाराच्या दारात बसण्याऐवजी कंपनीला औद्योगिक न्यायालयात तक्रार करता येऊ लागली. न्यायालय अनुचित प्रथा थांबवण्याचा हुकूम देऊ शकते, प्रकरण चालू असताना अंतरिम हुकूमही देऊ शकते, आणि मान्यताप्राप्त संघटनेने ती प्रथा केली असेल तर तिची मान्यता काढून घेऊ शकते. हुकूम मोडणाऱ्याला तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड. हीच सारी हत्यारे मालकाविरुद्ध कामगाराच्याही हातात दिली गेली, आणि प्रत्यक्षात कामगारांनी ती भरपूर वापरली.

दिवाणी न्यायालयाची वाट कोणत्या प्रसंगी मोकळी, याचा खुलासा १९७५ साली मुंबईच्याच एका प्रकरणात झाला. कुर्ल्याच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की जो हक्क औद्योगिक विवाद अधिनियमानेच निर्माण केला, त्याची दाद त्या कायद्याच्या यंत्रणेकडेच मागायची. पण हक्क सर्वसाधारण कायद्याचा असेल, तर दिवाणी न्यायालयाचे दार बंद नाही. आपल्या जागेत आपला ट्रक नेण्याचा हक्क या दुसऱ्या वर्गातला. म्हणून अनेक राज्यांत कंपन्या फाटकावरच्या अडवणुकीसाठी मनाई हुकूम मागायला दिवाणी न्यायालयात जाऊ लागल्या, आणि फाटकापासून ठरावीक अंतराच्या आत जमू नये पण त्यापलीकडे शांततेने निदर्शने करावीत, अशा धर्तीचे हुकूम रूढ झाले. असे हुकूम देताना न्यायालयांनी हात राखून दिले पाहिजेत. अंतर इतके वाढवले की आवाजच पोचू नये, तर मद्रासची चूक वेगळ्या वाटेने परत येते.

महाराष्ट्राची ही यादी केंद्राने १९८२च्या दुरुस्तीत जवळपास तशीच उचलली. औद्योगिक विवाद अधिनियमाला पाचवी अनुसूची जोडली गेली आणि ऑगस्ट १९८४ पासून घेराव हा सबंध देशात अनुचित कामगार प्रथा म्हणून शिक्षेस पात्र ठरला. त्या अधिनियमाखाली शिक्षा होती सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा एक हजार रुपयांपर्यंत दंड. २०२०च्या औद्योगिक संबंध संहितेच्या दुसऱ्या अनुसूचीतही तो शब्द तसाच आहे, आणि ही संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली आहे. दंड संहितेची जागा १ जुलै २०२४ रोजी भारतीय न्याय संहितेने घेतली. माणसाला बेकायदा अडवण्याचा गुन्हा आता तिच्या १२६व्या कलमात आहे आणि डांबण्याचा १२७व्या. त्या कलमांतही पोलिसांनी मंत्र्याला विचारावे, असे कुठे लिहिलेले नाही.